कोलकॅनन: फोडणीशिवायचा आयरिश बटाटा-कोबी

कोलकॅननचं साहित्य वाचून दाखवलं की आपल्याकडे पहिला प्रश्न ठरलेला असतो: "आणि फोडणी?" फोडणी नाही. हळद, मोहरी, मिरची, कोथिंबीर, लिंबू यांपैकी काहीही नाही. उकडून कुस्करलेला बटाटा, शिजवलेला केल (कोबीच्या कुळातली पालेभाजी) किंवा कोबी, पातीचा कांदा, गरम दूध, भरपूर लोणी, मीठ आणि मिरी. आयर्लंडमध्ये जवळजवळ तीनशे वर्षं हा पदार्थ साधारण असाच खाल्ला जातोय.

मसाला नसला की चुकांना लपायला जागा राहत नाही. आणि कोलकॅनन बिघडतो तो बहुतेक वेळा एकाच कारणाने, ते म्हणजे पाणी. बटाट्यात मुरलेलं पाणी, कोबीच्या चिरांत अडकलेलं पाणी, वेळेआधी गार झालेल्या वाफेचं पाणी. पाणी राहिलं की लोणी आत शिरत नाही, वर तरंगतं, आणि ताटात पातळ, फिक्या चवीचा लगदा येतो. म्हणून या लेखात कुस्करण्यापेक्षा पाणी घालवण्याबद्दलच जास्त बोलणं होणार आहे.

आधी थोडी ओळख

१७३५ साली विल्यम बल्कली नावाचा एक वेल्श जमीनदार डब्लिनला गेला होता. ३१ ऑक्टोबरला रात्री नातेवाइकांकडे काय जेवलो, हे त्याने रोजनिशीत लिहून ठेवलंय: मेंढीचा भाजलेला खांदा आणि सोबत उकडलेला कोबी, बटाटे आणि पार्सनिप एकत्र केलेला एक पदार्थ. पार्सनिप म्हणजे गाजराच्या आकाराचं, पांढरट, गोडसर कंद. पदार्थाचं नाव त्याने कानावर पडलं तसं लिहिलं आणि या रात्री इथे हा असतोच, अशी पुस्तीही जोडली. कोलकॅननची ही सर्वांत जुन्या नोंदींपैकी एक.

ती रात्र हॅलोविनची. दुसऱ्या दिवशी सर्व संतांचा सण, म्हणून आदल्या दिवशी कॅथलिक घरांत मांस वर्ज्य असे. (बल्कलीच्या यजमानांनी ते फारसं मनावर घेतलेलं दिसत नाही.) शिवाय ऑक्टोबरअखेर बटाट्याचं मुख्य पीक नुकतंच घरात आलेलं असतं आणि केलची पानं शेतात उभी असतात. उपवासाची सोय आणि सुगीचं जेवण असं दोन्ही एकाच पातेल्यात भागत असे.

त्या रात्रीच्या कोलकॅननमध्ये काही वस्तू लपवायची पद्धत आहे. घासात अंगठी आली तर वर्षभरात लग्न, नाणं आलं तर पैसा, अंगुस्तान (शिवताना बोटात घालायची टोपी) आलं तर ती बाई बिनलग्नाची राहणार, बटण आलं तर तो पुरुष. लग्नाच्या मुली कोलकॅननचा पहिला आणि शेवटचा घास पायमोज्यात भरून दाराला टांगत, आणि त्या दारातून पहिला जो पुरुष आत येईल तोच नवरा, असा समज होता. घरी गंमत म्हणून वस्तू लपवायच्या असतील तर धुऊन, बटर पेपरमध्ये गुंडाळून, आणि मुख्य म्हणजे सगळ्यांना आधी सांगून लपवा. लहान मुलं आणि कवळीवाली आजी-आजोबा मंडळी यांचं पान वेगळं वाढा.

याचे भाऊबंद बरेच आहेत. उत्तरेकडच्या अल्स्टर प्रांतात कोबी न घालता नुसत्या पातीच्या कांद्याचा चँप करतात. स्कॉटलंडच्या सीमाभागात हेच मिश्रण वर चीज घालून भट्टीत भाजलं की त्याला रम्बलडीथम्प्स म्हणतात. इंग्लंडमध्ये उरलेल्या बटाटा-कोबीचा तव्यावर बबल अँड स्क्वीक होतो. नेदरलँड्समध्ये केल-बटाट्याच्या स्टॅम्पपॉटवर भलामोठा सॉसेज आडवा ठेवतात. कोलकॅनन या सगळ्यांत मऊ आणि लोण्याच्या बाबतीत सर्वांत उधळा.

बटाटा निवडणं हे अर्धं काम

बटाटे ढोबळमानाने दोन स्वभावांचे. एक पिठाळ: उकडल्यावर साल तडकते, काटा लावला की भुगा होतो. दुसरा घट्ट, मेणचट: उकडूनही फोड फोडच राहते, कापावा तसा राहतो. रश्श्याला आणि सॅलडला दुसरा चांगला. कोलकॅननला पहिलाच हवा. आयर्लंडमध्ये चांगल्या बटाट्याची तारीफ करताना 'पिठाचे गोळे' म्हणतात, आणि एखाद्या दुकानातला बटाटा ओला निघाला तर त्या दुकानदाराचं नाव बराच काळ निघत राहतं.

या आवडीला इतिहासाची कडू बाजूही आहे. १८४५च्या आधी आयर्लंडमधल्या गरिबांच्या शेतात लंपर नावाची जात माजली होती. निकस जमिनीतही भरघोस यायची, पण चवीला ओली आणि बेताची. कष्टकरी पुरुष दिवसाला पाच-सहा किलो बटाटे खात असे. सोबत मिळालं तर ताक. करप्याने ते पीक कुजलं आणि १८४५ ते १८५२ या काळात सुमारे दहा लाख माणसं मेली, साधारण तितकीच देश सोडून गेली. त्यानंतर लंपर जवळपास नाहीशी झाली. आज तिथल्या दुकानात लाल सालीचा रूस्टर सर्वांत जास्त दिसतो. कार्लो इथल्या ओक पार्कच्या संशोधन केंद्राने तयार केलेली ही जात. जुन्या चवीचे लोक कर्स पिंक किंवा गोल्डन वंडर शोधतात. तुम्ही आयर्लंडमध्ये राहत असाल तर पहिल्यांदा रूस्टरच घ्या, तो सहसा दगा देत नाही. गोल्डन वंडर फार पिठाळ असतो. भर उकळीत ठेवला तर पातेल्यातच विरघळतो.

भारतात पंचाईत अशी की भाजीवाल्याकडे जात विचारली तर 'इंदुरी', 'आग्रा', 'तळेगाव' अशी गावांची नावं मिळतात. पुखराज जातीचा बटाटा लवकर येतो, दिसायला देखणा असतो, पण पाणीदार. ज्योती मध्यम. चिपसोना हा वेफर्ससाठी काढलेला. त्यात पाणी कमी आणि स्टार्च जास्त, म्हणून आपल्या कामाला उत्तम. पुणे जिल्ह्यात आंबेगाव तालुक्यातल्या सातगाव पठारावर वेफर्सचा बटाटा पिकतो. त्या भागात ओळख असेल तर तिथून मागवा. नाही तर 'वेफर्सचा बटाटा द्या' असं सरळ म्हणा. अनेक भाजीवाल्यांना ते बरोबर कळतं.

तरी खात्री नसेल तर घरी एक सोपी परीक्षा आहे. एक वाटी मीठ अकरा वाट्या पाण्यात पूर्ण विरघळवा आणि त्यात धुतलेला कच्चा बटाटा सोडा. पिठाळ बटाटा बुडतो, मेणचट तरंगतो. स्टार्च जास्त असला की बटाटा जड होतो, एवढंच त्यामागचं कारण. मीठ वाया जातं म्हणून जीव तुटत असेल तर निम्म्या मापाने, उभट डब्यात करा.

अंगठ्याने घासली की साल निघते असा कोवळा बटाटा घेऊ नका. हिरवट डाग किंवा मोड असलेले तर नकोच. शीतगृहातून आलेला बटाटा बरेचदा गोड लागतो, कारण थंडीत त्यातल्या स्टार्चची साखर होते. असा आला तर आठ-दहा दिवस अंधाऱ्या, हवेशीर कोपऱ्यात पसरून ठेवा. गोडी बरीच उतरते. फ्रिजमध्ये कच्चे बटाटे ठेवू नयेत ते याचसाठी.

पाला कोणता?

केल की कोबी, यावर आयर्लंडमध्ये घराघरांत मतं वेगळी. मला केलचा जास्त आवडतो: रंग गर्द राहतो आणि बटाट्याच्या मऊपणात पानाचा थोडा चिवटपणा जाणवतो. थंडीचा कडाका बसलेला केल चवीला गोडसरही होतो. कोबीचा केला तर सुरकुतलेल्या गर्द पानांचा सव्हॉय कोबी उत्तम.

महाराष्ट्रात केल शहरांतल्या मोठ्या दुकानांत मिळतो, पण महाग आणि बरेचदा शिळा. त्याच्यामागे धावायची गरज नाही. केल, कोबी, फ्लॉवर आणि नवलकोल ही वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने एकाच जातीची रूपं आहेत. नवलकोल घेताना पाला तोडून टाकू देऊ नका. त्याची कोवळी पानं केलच्या सर्वांत जवळ जातात. फ्लॉवरच्या गड्ड्याला बिलगलेली आतली पानंही चालतात. नेहमीचा पांढरट गड्डाकोबी वापरायचा असेल तर बाहेरची हिरवी पानं आवर्जून घ्या, आणि भाजीवाला ती सोलून फेकतो त्याच्याआधी त्याला थांबवा. नुसता आतला पांढरा कोबी घेतला तर पदार्थ फिका दिसतो आणि पाणीही जास्त सुटतं. पालक नको. तो शिजून नाहीसा होतो, आणि बटाटा हिरवा होतो तो वेगळाच.

साहित्य, चौघांना पोटभर

बटाटे १ किलो, शक्यतो एकाच आकाराचे, मध्यम
केल, नवलकोलाचा पाला किंवा हिरवा कोबी, साफ करून ३०० ग्रॅम
पातीचे कांदे ६ ते ८, पातीसकट
सायीसकट दूध २०० ते २५० मिली
लोणी किंवा बटर १०० ग्रॅम, आणि वरून घालायला आणखी ४० ग्रॅम
मीठ, ताजी कुटलेली मिरी

लोण्याचा आकडा छापायची चूक नाही. आयर्लंड हा गवताचा आणि दुधाचा देश; अठराव्या-एकोणिसाव्या शतकात कॉर्क शहरातल्या लोणीबाजारातून बोटी भरभरून लोणी परदेशी जायचं. तिथलं लोणी गर्द पिवळं दिसतं ते गाई बाहेर चरत असल्यामुळे. आपल्याकडे अमूलसारखं खारं बटर घेतलं तर वेगळं मीठ निम्मं करा आणि शेवटी चाखून वाढवा. घरचं पांढरं लोणी सुरेख लागतं, फक्त ते ताकातून नीट धुऊन पिळलेलं असावं; नाही तर दारातून बाहेर काढलेलं पाणी खिडकीतून परत आत येतं. तूप मात्र नको. कढवल्यावर त्याला जो खमंग वास येतो तो इथे दुधाच्या चवीवर चढतो, आणि गार होताना ते कणीदार थिजतं.

बटाटे शिजवणं

बटाटे सालीसकट शिजवा. सोलून फोडी केल्या तर वेळ वाचतो हे खरं, पण प्रत्येक कापलेली बाजू पाणी पिते. धुतलेले अख्खे बटाटे जाड बुडाच्या पातेल्यात घाला, वर बोटभर येईल इतकं गार पाणी आणि मोठा चमचाभर मीठ घाला. उकळत्या पाण्यात टाकू नका, बाहेरचा थर फुटून आतला गाभा कच्चा राहतो. उकळी आली की आच मंद करा. पाणी नुसतं थरथरत राहिलं पाहिजे.

पंधरा मिनिटांनी सुरी टोचून पाहा. बाहेरून शिरते आणि मध्यावर अडते, असं झालं की आयरिश घरांतली एक जुनी युक्ती वापरा: पातेल्यातलं दोनतृतीयांश पाणी ओतून द्या, झाकण घट्ट लावा आणि अगदी मंद आचेवर उरलेल्या पाण्याच्या वाफेवर बटाटे पुरे होऊ द्या. मध्यम बटाट्याला आणखी पंधरा ते वीस मिनिटं लागतात. पाणी आटून बूड लागणार नाही इकडे लक्ष ठेवा. सुरी मधोमध सरळ शिरली की उरलेलं पाणीही ओता, पातेलं परत मंद आचेवर ठेवा, आणि झाकणाऐवजी स्वच्छ पंचाची घडी बटाट्यांवर टाका. पाच मिनिटांत पंचा ओलसर होतो. ती सगळी वाफ, झाकण असतं तर थेंब होऊन परत बटाट्यांवरच पडली असती.

कुकरबद्दल विचारणारच, म्हणून आधीच सांगते. कुकर चालतो, पण बटाटे पाण्यात बुडवून नाही. तळाला दोन वाट्या पाणी, त्यावर जाळी किंवा भोकांचं भांडं, त्यात सालीसकट बटाटे. आकारानुसार तीन ते चार शिट्ट्या. वाफ आपोआप उतरली की लगेच उघडा. झाकण तसंच ठेवून सिरियल बघत बसलात तर बटाटे स्वतःच्याच वाफेत भिजतात. मग ते पातेल्यात काढून वर सांगितल्यासारखे पंचाखाली कोरडे करा. वेळ असेल तर मी तरी पातेलंच वापरीन. कुकरात बटाटा कधी शिजला आणि कधी फुटला हे बाहेरून कळत नाही.

तोवर पाला

बटाटे वाफेवर टाकले की पाल्याला हात घाला. केल किंवा नवलकोलाचं पान मधोमध दुमडा, एका हाताने पान आणि दुसऱ्या हाताने देठ धरून शिर ओढून काढा. जाड देठ बटाट्यात कच्चे दोरे असल्यासारखे लागतात. कोबीचा दांडा काढा आणि पानं गुंडाळून बारीक, लांबट चिरा. भाजीसाठी चिरतो त्यापेक्षा बारीक.

मोठ्या पातेल्यात खळखळतं पाणी, त्यात मीठ, आणि मग पाला. झाकण ठेवू नका, हिरवा रंग उतरतो. कोबीला चार-पाच मिनिटं, केलला पाच ते सात. दाताखाली किंचित कुरकुर राहिली पाहिजे. जास्त शिजलेल्या कोबीला जो गंधकाचा वास सुटतो त्याने अनेक पिढ्यांना आयरिश जेवणाबद्दल गैरसमज करून दिलाय. सोडा तर चिमूटभरही घालू नका. रंग येतो, पण पानाची पार चिकी होते.

आता या पानातलं पाणी. चाळणीत उपसून निथळत ठेवलं की झालं, असं वाटतं. होत नाही. पाला हाताला सोसवेल इतका निवला की पंचात बांधून, पुरचुंडीचं तोंड पिळत जा. पहिल्या पिळाला पाणी धारेने येतं, दुसऱ्याला थेंबाथेंबाने, तिसऱ्याला हिरवं, दाटसर येऊ लागतं, तिथे थांबा. पिळून झालेला गोळा मुठीएवढा उरतो आणि 'एवढासाच?' असं वाटतं. बटाट्यात मोकळा केला की पुरतो. गोळा सुरीने दोनदा आडवा-उभा चिरून सुटा करा, मग एका चमचा बटरवर कढईत मिनिट-दोन मिनिटं परता. राहिलंसाहिलं पाणी इथे उडतं आणि पाना-पानाला लोण्याचा हात लागतो.

दूध आणि पातीचा कांदा

पातीचा कांदा बारीक चिरा, पांढरा आणि हिरवा भाग वेगळा ठेवा. दूध लहान पातेल्यात घालून त्यात पांढरा भाग टाका आणि मंद आचेवर चार-पाच मिनिटं ठेवा. दूध कडेने फसफसू लागलं की आच बंद, हिरवी पात त्यात सोडा आणि झाकून ठेवा. कांद्याचा उग्रपणा जातो, वास दुधात उतरतो. कच्चा कांदा सरळ बटाट्यात घातला तर खाणाऱ्याला दिवसभर त्याचीच आठवण राहते. दूध गरमच राहिलं पाहिजे. गार दुधाने बटाट्यातला स्टार्च आखडतो, गुठळ्या होतात, आणि त्या मोडायच्या नादात आपण गरजेपेक्षा जास्त घोटत बसतो.

कुस्करणं: इथे घाई करा

बटाटे गरम असतानाच सोलायचे. डाव्या हातात पंचाची घडी, त्यावर बटाटा, उजव्या हातात सुरी. तडकलेल्या सालीचं टोक धरलं की ती सरकन निघते. दोघं जण असाल तर एकाने सोलावं, दुसऱ्याने लगेच कुस्करावं. निवलेला बटाटा कितीही कुस्करला तरी मऊ होत नाही.

पावभाजीचा मॅशर पुरतो. त्याहून चांगली म्हणजे जाड पुरणाची जाळी: बटाटा वरून दाबला की खाली हलका, सुटा कीस पडतो. आयरिश घरांत पूर्वी लाकडी, मुसळासारखा दांडा वापरत आणि मोठ्या पातेल्याशी उभं राहून दोघं-तिघं आळीपाळीने कुटत. मिक्सर, फूड प्रोसेसर, हँड ब्लेंडर यांना हात लावू नका. शिजलेल्या बटाट्याच्या पेशी एकमेकींपासून सुटतात, पण अख्ख्या असतात. स्टार्च त्यांच्या आत कोंडलेला असतो. पात्याने त्या फाटल्या की स्टार्च बाहेर येतो आणि अर्ध्या मिनिटात खळीसारखा चिकट, ताणला जाणारा प्रकार तयार होतो. तो परत सुधारता येत नाही.

क्रम महत्त्वाचा. आधी नुसता बटाटा कुस्करा, एकही गुठळी ठेवू नका. मग १०० ग्रॅम लोणी, खोलीच्या तापमानाचं, तुकडे करून. ते पूर्ण विरघळून बटाटा चकचकीत दिसू लागला की मगच दूध, पातीसकट, एका वेळी दोन-तीन मोठे चमचे. लोण्याने स्टार्चवर आधी पातळ लेप बसतो, त्यामुळे नंतर दूध पडलं तरी चिकटपणा येत नाही. दूध सगळं घातलंच पाहिजे असं नाही. पिठाळ जुना बटाटा २५० मिली सहज पितो, ओलसर बटाट्याला १५० मिलीत पुरे होतं. चमच्यावर घेऊन उलटा केला की क्षणभर अडून मग धप्पकन पडला पाहिजे. ओघळला तर दूध जास्त झालं. पातेलं मंद आचेवर ठेवून लाकडी उलथन्याने तळापासून वरखाली करत दोन-तीन मिनिटं वाफ जाऊ द्या.

शेवटी परतलेला पाला घाला आणि दुमडल्यासारखा मिसळा, घोटू नका. पाला ठिकठिकाणी हिरवा दिसायला हवा. मीठ आता चाखून घाला. बटाटा मीठ गिळतो, त्यामुळे आत्ता बरोबर वाटलं तर ताटात कमीच पडेल. चिमूटभर पुढे असा. मिरी भरपूर.

वाढणं

ताटल्या गरम करून घ्या, निदान गरम पाण्याने धुऊन पुसून. ढीग वाढा, चमच्याच्या पाठीने मधोमध खळगा करा आणि त्यात दहा ग्रॅमभर लोण्याचा गोळा ठेवा. तो विरघळून तळं होतं. खायची रीत अशी की कडेपासून चमचा घ्यायचा, तळ्यात बुडवायचा आणि खायचा. बांध शेवटपर्यंत फुटू द्यायचा नाही. वरणासाठी भाताचं आळं करता येणाऱ्याला हे शिकवावं लागत नाही.

सोबत आयर्लंडमध्ये उकडलेलं खारवलेलं डुकराचं मांस, हॅम किंवा सॉसेज असतात. कॉर्न्ड बीफची, म्हणजे खारवलेल्या गोमांसाची, जोडी ही मुख्यतः अमेरिकेत गेलेल्या आयरिश लोकांची सवय. शाकाहारी असाल तर बटरवर करकरीत परतलेले मश्रूम, आणि अंडं चालत असेल तर काठ कुरकुरीत झालेलं हाफ फ्राय. प्यायला ताक, पण साधं: हिंग-जिरं-मिरची लावलेला मठ्ठा या चवीला झोडपून काढतो. बटाटा आणि ताक ही जोडी आयर्लंडच्या गरिबांची रोजची, त्यामुळे इथे आपण काही नवीन करत नाही.

बदल करावेसे वाटतातच. पातीऐवजी लीक (पातीच्या कांद्यासारखीच, पण जाड भाजी) बटरवर मऊ करून घालता येतो. १७३५च्या चवीची उत्सुकता असेल तर पार्सनिप पाव किलो घाला आणि बटाटा तेवढा कमी करा. दुधात थोडी साय मिसळली तर कोणी तक्रार करत नाही. चीज घालायचं असेल तर खुशाल घाला, मात्र मग भट्टीत भाजा आणि स्कॉटिश नाव द्या. लसूण आणि हिरवी मिरची घातलीत तर एक चविष्ट भाजी होईल, पण तो कोलकॅनन नाही. त्यापेक्षा पाहुण्यांना बटाटेवडे करून वाढा, ते जास्त खूश होतील.

पाहुणे उशिरा येणार असतील तर पाला न मिसळता बटाटा झाकून, उकळत्या पाण्याच्या पातेल्यावर ठेवा. तासभर सहज टिकतो. वाढायच्या आधी चमचाभर गरम दूध घालून मोकळा करा आणि पाला तेव्हा मिसळा, म्हणजे रंग जात नाही.

उरलं तर

उरलेला कोलकॅनन दोन तासांच्या आत पसरट डब्यात भरून फ्रिजमध्ये ठेवा आणि दोन दिवसांत संपवा. परत गरम करून तो पहिल्यासारखा मऊ होत नाही, म्हणून तसा प्रयत्नच करू नका. थंड, घट्ट मिश्रणाच्या तळहाताएवढ्या, बोटभर जाड टिक्क्या थापा, दोन्ही बाजूंना कोरडा मैदा हलकासा लावून झटका. बिडाच्या तव्यावर निम्मं बटर, निम्मं तेल. नुसतं बटर लवकर जळतं. मध्यम आचेवर टिक्की ठेवली की पाच मिनिटं हात लावू नका. पाला नीट पिळलेला असेल तर कडेला तपकिरी जाळी धरते आणि टिक्की तव्यावरून आपोआप सुटते. पाणी राहिलं असेल तर ती चिकटते आणि मधून मोडते. उलटायची एकदाच, रुंद उलथन्याने, आणि दुसऱ्या बाजूला चार मिनिटं.